हुंकार

माळशिरसच्या बाहेर माळावरच्या एका वस्तीवर एक म्हातारा राहायचा. सगळे त्याला आबा म्हणायचे. आबाकडे एक विद्या होती. गोष्ट सांगून तो वेळ आखडायचा, आणि मनात आणलं तर लांबवायचासुद्धा. रात्रीच्या लाइटीवर उसाला दारं धरायची असली की शेतकरी त्याला बांधावर आणून बसवायचे. मोटार चालू झाली की आबा तोंड उघडायचा आणि गोष्ट संपेपर्यंत पूर्वेला फटफटलेलं असायचं. कुणाच्या घरी बाळंतपण अडलेलं असलं, कुणाचा माणूस सोलापूरच्या दवाखान्यातून यायचा असला, की लोक त्याला बोलावून नेत. तो पैसा घ्यायचा नाही. त्याची अट एकच होती : "हूं म्हणायला माणूस पाहिजे. मी भिताडाला गोष्ट सांगत न्हाई."

ही विद्या मी कल्पिलेली आहे. पण ती हवेतून आलेली नाही. पहाटेच्या अंधारात उठून पायलीभर ज्वारी दळायला बसलेल्या बाईला ही विद्या येत होती. तिनं ओवी गायली नसती तर ते जातं तिला रोज ओढवलं असतं, असं मला वाटत नाही. हेमा राईरकर आणि गी प्वातवाँ यांनी खेडोपाडी हिंडून जात्यावरच्या एक लाखाहून अधिक ओव्या गोळा केल्या. तो संग्रह मला गाण्यांपेक्षा वेळेचा वाटतो. एक लाख वेळा कुणीतरी अंगावर आलेला एकेक प्रहर शब्दांनी पुढं ढकलला, त्याची ती नोंद आहे. गोंधळ्यांनाही ही विद्या येते. देवीपुढं दिवटी पेटते, संबळ आणि तुणतुणं लागतं, आणि आख्यान रात्रभर चालतं. त्यात आख्यान सांगणाऱ्या नाईकाइतकाच त्याचा साथीदार मोलाचा. तो मध्येच अडवतो, विचारतो, चकित होतो, "मग पुढं?" म्हणतो. तो नसेल तर आख्यान दोन पावलंही सरकणार नाही. घरात आजीसुद्धा नातवाला हेच बजावते : हूं म्हणशील तर सांगते. हूं थांबलं की पोर झोपलं हे तिला कळतं आणि राजा-राणी तिथंच थांबतात.

तर आबाकडे एके दिवशी एक पोरगा आला. कोरडवाहू शिवारातला, एकोणीस-वीस वर्षांचा. कॅनॉलच्या पट्ट्यात एका बागायतदाराकडे तो सालानं कामाला होता. एक आठवडा दिवसाची लाइट, एक आठवडा रात्रीची. रात्रपाळी आली की थंडीत, चिखलात उभं राहून त्याच्या अंगावर रात्र चालून यायची.

"आबा, मला येळ आखडायला शिकवा," तो म्हणाला.

"आखडायचाच का?"

"लांबवून काय करू? आहे तोच सरत न्हाई."

आबानं त्याला ठेवून घेतलं. पण गोष्ट सांगायला शिकवलं नाही. वस्तीच्या टोकाला एक म्हातारी होती. तिच्याकडं बोट दाखवून म्हणाला, "रोज सांजच्याला आज्जीकडं जाऊन बसायचं. ती सांगंल त्याला हूं म्हणायचं. एक वरीस."

आज्जी रोज एकच गोष्ट सांगायची. बहात्तरच्या दुष्काळाची. विहिरींचे तळ उघडे पडले, दावणीची जनावरं गेली, आणि सगळं गाव रस्त्याच्या कामावर खडी फोडायला लागलं. सुकडी वाटायचे. अमेरिकेतून आलेली तांबडी मिलो ज्वारी मिळायची. तिची भाकरी घशाखाली उतरायची नाही. आज्जी तेव्हा नवी नवरी होती. उन्हात दगड फोडताना दिवस मावळता मावळेना, म्हणून एका बाईनं गोष्ट सांगायला सुरुवात केली. घणाचा घाव पडला की एक वाक्य, आणि बाकीच्या बायांचं हूं. "त्या गोष्टीवर आमी उन्हाळा काढला बग," आज्जी सांगायची. "पर ती गोष्ट काय हुती म्हणशील, तर…" इथपर्यंत आली की ती थांबायची, पोराकडं बघायची, आणि पुढचं सांगायचीच नाही.

पोरगा वैतागला. त्यानं तीच खडी, तीच सुकडी किती वेळा ऐकायची? त्याचं हूं तोंडातून यायचं, नजर मोबाइलवर असायची. एकदा आज्जी मिलोच्या भाकरीपाशीच थांबली. "ऊठ बाबा," ती म्हणाली. "तुझं हूं खोटं हाय. खोट्या हुंकारावर बोलायला लागलं की माझंच मला म्हातारपण जड हुतंय."

ही गोष्ट त्यानं आबाला सांगितली नाही. चार महिन्यांतच तो निघून गेला. आबाच्या मागं बांधावर बसून त्यानं पुष्कळ काही उचललं होतं : कुठं आवाज खाली न्यायचा, कुठं सर्प काढायचा, राजाला नेमका कुठल्या नदीवर अडवायचा. एवढं त्याला पुरेसं वाटलं.

आणि खरंच, त्याची गोष्ट धावायची. साखर कारखान्याच्या अड्ड्यावर उसाच्या बैलगाड्या, ट्रॅक्टर रात्र-रात्र काट्याची वाट पाहत उभे राहतात. गाडीवान पेंगतात, बैल उभ्यानं रवंथ करतात, मुकादम खेकसत फिरतात. पोरगा तिथं जाऊन शेकोटीशी बसायचा. त्यानं सुरुवात केली की रांग कधी सरली ते गाडीवानांना कळायचं नाही. लांबून आलेले ऊसतोड कामगार, ज्यांचं घर तेव्हा कोपीत होतं, ते त्याला आपल्या तांब्यातला चहा द्यायचे. या कामाचं मोल मी कमी लेखत नाही. कष्टाची रात्र जो कुणी हलकी करतो त्याचे उपकार असतात, आणि पोराच्या वाट्याला ते पुण्य खरोखर आलं होतं.

हळूहळू त्याला सगळीकडून बोलावणं यायला लागलं. कुणी थांबायला तयार नव्हतं. पोर शाळेतून येईस्तोवरचा वेळ जात नाही, बोलवा त्याला. सासरा खाटेवर पडून आहे, त्याच्याशी काय बोलायचं कळत नाही, बोलवा त्याला. पोरगा जायचा, सांगायचा, वेळ सरकवून यायचा. हा वेळ सरकवण्याजोगा आहे का, हे त्यानं कधी विचारलं नाही. विचारायची पद्धत त्याला ठाऊकच नव्हती. ती आज्जीच्या ओट्यावर शिकायची होती.

मग वेळापूरच्या बाजूच्या एका घरातून बोलावणं आलं. लेकीचं लग्न होतं. हळद लागली होती, सकाळी वऱ्हाडाचा टेम्पो फलटणच्या अंगाला निघायचा होता. एकुलती लेक. घर जड झालं होतं. मुलीचे चुलते म्हणाले, "वैनी सारखी डोळ्याला पदर लावतीया. तू काहीतरी सांग बाबा, रात्र निघून जाऊ दे."

पोरानं त्या रात्री आपलं सगळं कसब पणाला लावलं. मांडवात बसलेले पाहुणे, ओट्यावरच्या बायका, खुद्द नवरी आणि तिची आई, सगळे गोष्टीत ओढले गेले. चार भाऊ, सात समुद्र, एक बोलणारा पोपट. हसणं झालं, रडणं झालं. गोष्ट संपली तेव्हा कोंबडा आरवून गेला होता आणि दारात टेम्पोचा हॉर्न वाजत होता. पाहुणे वाहवा करत उठले. एकच धांदल उडाली. नवरीची पेटी, शिदोरी, ओटी. टेम्पो धुरळा उडवत गेला.

आई अंगणात उभी राहिली. मग पोराकडं वळून म्हणाली, "रात कुठं गेली रे माझी?"

त्याला वाटलं ती कौतुक करतेय.

"तिची येणी घालायची हुती मला. शेवटची. सासरी गेल्यावर कसं ऱ्हायचं, माझ्यावर काय काय गेलं, ते सांगायचं हुतं. एवढी वर्सं सांगितलं न्हवतं, म्हटलं आज सांगीन. दे माघारी माझी रात."

पोराजवळ द्यायला काही नव्हतं. वेळ आखडायची कला त्याला येत होती. आखडलेला वेळ परत उलगडायची येत नव्हती. तो उठला, आणि चालत माळशिरसला आला.

आषाढी जवळ आली होती. ज्येष्ठ वद्य अष्टमीला आळंदीहून निघालेली माऊलींची पालखी धर्मपुरीला सोलापूर जिल्ह्यात शिरते, नातेपुत्याला मुक्काम करते, आणि दुसऱ्या दिवशी वाटेत पुरंदवड्याला गोल रिंगण करून माळशिरसला येते. पोरगा वस्तीवर पोचला त्या संध्याकाळी पालखी माळशिरसच्या तळावर आली होती. आबा काठी टेकत तिकडंच निघाला होता. त्यानं पोराचं तोंड बघितलं, काही विचारलं नाही, नुसतं "चल" म्हणाला.

तळावर रथापुढच्या 27 आणि रथामागच्या कितीतरी दिंड्या गोलाकार उभ्या होत्या. हजारो टाळ एकाच वेळी वाजत होते. पालखी मधोमध आली. चोपदारानं चोप उंचावला, आणि तो एवढा मोठा आवाज एका क्षणात थांबला. ज्यांनी समाजआरती पाहिलेली नाही त्यांना हे सांगून पटायचं नाही. एवढा समाज, आणि शेजारच्याचा श्वास ऐकू यावा अशी शांतता.

पण एका कोपऱ्यात टाळ वाजतच राहिले. एकाच दिंडीचे. पोराला वाटलं त्यांना चोप दिसला नसावा.

"दिसलाय," आबा म्हणाला. "त्यांचं काहीतरी गाऱ्हाणं हाय. ज्या दिंडीचं गाऱ्हाणं असतं ती टाळ थांबवत न्हाई. ते ऐकून घेतल्याबिगर आरती हुणार न्हाई."

चोपदार त्या दिंडीकडं गेला. बोलणं झालं. टाळ थांबले. मग हरवलं-सापडलं सांगितलं गेलं, उद्या पालखी किती वाजता निघणार ते सांगितलं गेलं, आणि आरती झाली. दिवसभर पायी चालून आलेली ती माणसं. कुणाच्या पायाला फोड, कुणाला भाकरीची घाई, कुणाला राहुटीत जाऊन पाठ टेकायची. तरी कुणी हलत नव्हतं.

आबा परतीच्या वाटेवर बोलला, आणि आयुष्यात एवढं सलग तो क्वचितच बोलला असेल. "येळ म्हंजे पाटाचं पानी हाय लेका. सगळ्याच सऱ्यांत सारखं सोडलं तर एक पीक सडतं न् एक वाळतं. कष्टाचा येळ, दुखण्याचा येळ, वाट बघायचा येळ, तो गोष्टीनं म्होरं काढावा. पर ज्या घटकंला मानसाला मानसाशी बोलायचं असतं, ती घटका आडवायची असती. तिथं सांगायचं न्हाई, ऐकायचं. तू दारं फोडायला शिकलास, बांधायला न्हाई शिकलास. बांधायची माती म्हंजे हुंकार. म्हनून तुला आज्जीकडं धाडलं हुतं."

दुसऱ्या दिवशी दोघं पालखीबरोबर वेळापूरच्या वाटेनं चालले. या एका दिवसाच्या वाटेवर वेळेच्या किती तऱ्हा आहेत, हे पाहून मला नेहमी नवल वाटतं. अभंगाच्या चालीवर पावलं पडत राहतात तेव्हा मैल कधी मागं गेले ते कळत नाही. मग खुडूस फाट्याजवळ सगळं थांबतं. पंढरीला पोचायची एवढी ओढ असलेली माणसं तिथं गोल धरून उभी राहतात, आणि त्या गोलात पुढं जाणं नसतंच. जरीपटका घेतलेल्या स्वाराचा घोडा धावतो, त्याच्यामागं माऊलींचा अश्व धावतो, त्याच्या पाठीवर दिसणारा स्वार कुणी नसतो. अश्वाच्या टापांखालची माती लोक कपाळाला लावतात. फुगड्या होतात, उडी होते. तासच्या तास तिथं देऊन टाकतात, आणि त्याला कुणी उशीर म्हणत नाही. दुपारनंतर वेळापूरच्या अलीकडं भारूड रंगतं. आणि मग टेकडीच्या उतारावर धावा. तुकोबांना इथून विठ्ठलाच्या देवळाचा कळस दिसला आणि ते पंढरीच्या ओढीनं धावत सुटले, अशी श्रद्धा आहे. म्हणून सगळे वारकरी तिथं धावतात, काठी टेकणारी म्हातारी माणसंसुद्धा. चालायचं, थांबायचं आणि धावायचं, आणि कुठं काय करायचं हे पिढ्यान्पिढ्या ठरलेलं. आता तो पालखी मार्ग रुंद झाला आहे. एकेकाळी दिवसभराची असलेली ही वाट गाडीनं थोड्या मिनिटांत मागं पडते. त्याची सोय मला नाकारायची नाही. पण रिंगणाची जागा त्या वेगात ओळखूही येत नाही, हे मला दरवेळी बोचतं.

पोरगा धाव्यात धावला. उतारावरून खाली आला तो थेट वेळापूरच्या त्या घरी गेला. आई ओट्यावर वारकऱ्यांसाठी भाकऱ्या थापत होती. त्याला बघून तिचा हात थांबला.

"रात माघारी द्यायला आलास?"

"न्हाई मावशी. ती माझ्याच्यानं हुणार न्हाई. पर त्या राती लेकीला जे सांगायचं हुतं ते मला सांगा. मी हूं म्हणतो."

ती बराच वेळ काही बोलली नाही. वाढणं झालं, वारकरी जेवून उठले, तळावर भजनं सुरू झाली. मग ती हात धुऊन येऊन बसली. आणि सांगायला लागली. लग्न होऊन ती या घरात आली तेव्हा चौदा वर्षांची होती. पहिलं बाळ गेलं होतं, ते तिनं लेकीला कधी सांगितलं नव्हतं. सासू वाईट नव्हती, पण बोलायची नाही. आणि तिच्या न बोलण्यातलं काय समजायचं ते कळायला सात वर्षं गेली. ते लेकीला आधीच सांगितलं तर तिची सात वर्षं वाचतील, एवढंच तिला वाटत होतं. पोरगा हूं म्हणत होता. एकदोनदा त्याच्या जिभेवर आपली गोष्ट आली, असलाच एक राजा, असलीच एक राणी. त्यानं ती गिळली. एकदा ती रडायला लागली तेव्हा तो हूंसुद्धा म्हणाला नाही. तिचं तिनं पुसलं आणि पुढं बोलू लागली. त्याला आज्जीची आठवण झाली. एवढं बोलायला माणसाला किती रात्र लागते हे त्याला पहिल्यांदाच कळत होतं.

उजाडायच्या आधी, पालखी निघायच्या गडबडीत, आईनं लेकीला फोन लावला. "अगं, तुला काय काय सांगायचंय. आता न्हाई, घाईत न्हाई. चार दिस माहेराला ये, मग सांगते." मग ती पोराला म्हणाली, "जा बाबा आता. तुझं हूं खरं हाय."

माळशिरसला परतल्यावर तो आज्जीच्या ओट्यावर जाऊन बसला. तिनं खडी फोडायची गोष्ट काढली. सुकडी आली, मिलोची भाकरी आली. "पर ती गोष्ट काय हुती म्हणशील, तर…" ती थांबली, पोराकडं बघितलं, आणि या वेळी पुढं सांगितली. ती गोष्ट त्यानं कुणाला सांगितली नाही. मलाही ती ठाऊक नाही.

पुढच्या लग्नसराईत त्याला पिलीवकडच्या एका घरी बोलावलं. हळद लागली होती, सकाळी वऱ्हाड निघायचं होतं, आणि घरात पाहुण्यांची एवढी गर्दी की माय-लेकींना समोरासमोर उभं राहायला जागा नव्हती. आत्या, मावशा, चुलत्या, सगळ्यांचा एकाच खोलीत गलका. पोरगा आला, नवरीच्या बापाशी दोन शब्द बोलला, आणि मांडवात मोठ्यानं म्हणाला, "चला, समद्यांनी भायेर यायचं. आज लांबलचक गोष्ट हाय. फक्त नवरीची आई न् नवरी नको, त्यांनी ऐकलेली हाय."

घर रिकामं झालं. आतलं दार लोटलं गेलं. त्यानं चार भावांची गोष्ट काढली. मांडवात हूं उठायला लागलं. बारा वाजले, एक वाजला. पाहुण्यांच्या लेखी आत्ताच कुठं दुसरा भाऊ समुद्र ओलांडत होता. पोपट बोलला, राक्षस मेला, गोष्ट संपत आली, तेवढ्यात आतलं दार किलकिलं झालं. नवरीच्या आईनं हातात तेलाची वाटी घेऊन डोकं बाहेर काढलं.

"बाबा, अजून थोडं चालवशील का? येणी व्हायची हाय. आन बोलणंबी ऱ्हायलंय."

पोरानं मान हलवली आणि पाहुण्यांकडं वळून म्हणाला, "पर राक्षसाला एक धाकटा भाऊ हुता."